उजवी कड कोणाची?

पुण्यात अप्पा बळवंत चौकाच्या आसपासच्या गल्ल्यांमध्ये एके काळी खिळ्यांचे छापखाने दाटीवाटीनं होते. त्यांतले बरेच बंद पडले, काही डीटीपीवर गेले आणि काहींनी लग्नपत्रिका, अहवाल, सूच्या यांच्यावर तग धरला. या संवादातले काका तग धरणाऱ्यांपैकी. हातानं खिळे जुळवण्यापासून सुरुवात, मग ऑफसेट, मग संगणक. पुतणी हिंजवडीत नोकरीला आहे आणि वेबपानांची मांडणी हे तिचं रोजचं काम. वाद निघाला तो एका छोट्या प्रकाशनाच्या पुस्तकसूचीवरून. ही सूची वर्षानुवर्षं काका छापत आले, आता ती संकेतस्थळावर न्यायची होती. पुस्तकाचं नाव डावीकडे, किंमत उजवीकडे आणि खाली चार ओळींचा परिचय. काम एवढंच होतं, पण दोघांचं एकमत होईना.

काका : तू केलेलं पान मोबाइलवर पाहिलं. नावं ठीक आहेत, किमती ठीक आहेत. पण परिचयाच्या ओळी उजवीकडे अशा वाऱ्यावर का सोडल्यास? एक ओळ इथवर, दुसरी तिथवर. उंदरानं कुरतडलेल्या कागदासारखं दिसतंय.

पुतणी : मुद्दामच तसं ठेवलंय, काका. डावी कड सरळ, उजवी मोकळी.

काका : मोकळी म्हणजे अर्धवट. आमच्या वेळी जुळाऱ्याच्या हातात स्टिक असायची. तिला माप लावलं की प्रत्येक ओळ त्या मापात घट्ट बसलीच पाहिजे. ओळ सैल राहिली तर मजकूर उचलताना खिळे सांडायचे. दोन्ही कडा सरळ हवा हा काही नखरा नव्हता, धंद्याची गरज होती.

पुतणी : मग कविता कशा जुळवायचात?

काका : कवितेची ओळ संपली की उरलेल्या जागेत क्वाड भरायचे. शिशाचेच ठोकळे, पण खिळ्यापेक्षा बुटके. त्यांना शाई लागत नाही, म्हणून कागदावर ती जागा कोरी राहते.

पुतणी : म्हणजे ओळ घट्ट बसवायला शब्द ताणावे लागत नव्हते. गद्याच्या ओळीतही शेवटी क्वाड भरता आले असते, खिळे सांडले नसते. एरिक गिल नावाच्या इंग्रज अक्षरकारानं १९३१ साली छपाईवरचा आपला निबंध असाच छापून घेतला. खिळे शिशाचेच होते, पण उजवी कड मोकळी सोडलेली.

काका : एका गिलनं केलं म्हणून काय झालं! गुटेनबर्गच्या बेचाळीस ओळींच्या बायबलापासून दोन्ही कडा सरळच आहेत. १८८१ मध्ये आर्यभूषण छापखान्यातून 'केसरी' निघाला तोही रकान्यांत. रकान्याला रकाना लागून असला की डोळ्याला भिंत लागते, नाही तर वाचणारा शेजारच्या मजकुरात घुसतो.

पुतणी : शेजारी रकाना असेल तर भिंत हवी, मान्य. पण मोबाइलवर शेजारी कोण आहे? एकच रकाना, आणि त्याच्यापलीकडे अंगठा.

काका : तरी नीटनेटकेपणा म्हणून काही असतो की नाही? आणि हे तुमच्याकडे करायला अवघड आहे असंही नाही. मला ठाऊक आहे, 'जस्टिफाय' एवढा एक शब्द लिहायचा.

पुतणी : एकच शब्द, खरं आहे. वेबच्या मांडणीचे पहिले नियम, सीएसएसची पहिली आवृत्ती, १९९६ च्या डिसेंबरात आली, तेव्हापासून त्यात चारही पर्याय आहेत : लेफ्ट, राइट, सेंटर, जस्टिफाय. पण तो शब्द लिहिल्यावर काय होतं ते हिशेबानं पाहा. नेहमीच्या फोनचा पडदा आमच्या मापात ३६० पिक्सेल रुंद धरा. दोन्ही बाजूंना १६ सोडले की मजकुराला ३२८ उरतात. आता ओळ घ्या : 'या संग्रहातले लेख मुळात'. चार शब्द, तीन फटी. पुढचा शब्द आहे 'महानगरपालिकेच्या'. तो मावत नाही, खाली जातो. समजा वरच्या ओळीत ६० पिक्सेल उरले. ब्राउझर ते तीन फटींत वाटून टाकतो, प्रत्येकीला २०. पाच पिक्सेलची फट पंचवीसची झाली. उजवी कड सरळ झाली, पण ओळीला आतून भगदाडं पडली.

काका : ते तुझ्या ब्राउझरचं अडाणीपण. आम्ही ओळ अशी सोडलीच नसती. आधी फटी बारीक करून पुढचा शब्द आत येतोय का पाहायचा. नाही आला तर तो तोडायचा, 'महानगर' वर आणि 'पालिकेच्या' खाली. तेही जमेना तर मागच्या दोन ओळी उकलून पुन्हा जुळवायच्या. आणि अगदीच गाडं अडलं तर संपादकाकडे जायचं. 'मुळात'च्या जागी 'मूळचे' चालेल का? संपादक चांगला असला तर हो म्हणायचा.

पुतणी : तुम्ही आता चार गोष्टी सांगितल्यात. फटी कमी करणं, शब्द तोडणं, मागं जाऊन पुन्हा जुळवणं आणि शब्द बदलणं. ब्राउझर सहसा यातलं काहीच करत नाही. ओळ भरली की पुढं जातो, मागं वळून बघत नाही. सगळा परिच्छेद एकत्र तोलून ओळी कुठं तोडायच्या हे ठरवण्याची रीत डॉनल्ड कनूथ आणि मायकल प्लास यांनी १९८१ मध्ये मांडली. टेक्स नावाची प्रणाली तशीच ओळी लावते. ब्राउझरांत त्या दिशेनं पहिली पावलं पडली ती २०२३ मध्ये. जुळाऱ्याची अक्कल अजून वेबवर पुरती पोचलेली नाही आणि त्याचा हट्ट मात्र एका शब्दात करता येतो. म्हणून मी तो शब्द लिहीत नाही.

काका : हं. पण शब्द तोडण्याची सोय आहे ना तुमच्याकडे?

पुतणी : आहे. पान मराठी आहे असं आधी सांगावं लागतं. पुष्कळ जण तेवढंही सांगत नाहीत. मराठी पानावर भाषा इंग्रजी अशी खूण राहते. खूण बरोबर असली आणि ब्राउझरकडे मराठीचे नियम असले, तर तो अक्षराच्या सांध्यावर तोडतो. जोडाक्षर फोडत नाही, मात्रा एकटी खाली पाठवत नाही.

काका : सांध्यावर तोडतो, पण अर्थावर तोडतो का? आम्हाला पहिल्याच वर्षी शिकवलेली गोष्ट ऐक. 'नवरात्र' हा शब्द ओळीच्या शेवटी आला. जुळाऱ्यानं 'नवरा' वर ठेवला आणि 'त्र' खाली नेलं. मंडळाच्या पत्रकावर छापलं गेलं : 'यंदाच्या उत्सवात नवरा', पुढं छोटी आडवी रेघ. व्याकरणानं काही चूक नाही. बायकांनी मात्र पत्रक जपून ठेवलं.

पुतणी : हा नवरा यंत्रालाही दिसणार नाही.

काका : नाहीच दिसणार. म्हणून प्रूफ नावाची गोष्ट होती.

पुतणी : आणि तिथंच आपला मुख्य फरक आहे. तुम्ही प्रूफ कशाचं पाहायचात? एका मापाच्या एका पानाचं. डेमी की क्राउन हे तुम्ही ठरवलेलं, अक्षराचा पॉइंट तुम्ही ठरवलेला. एकदा पाहिलं की हजार प्रती तशाच. माझ्या पानाचं माप वाचक ठरवतो. एकाचा फोन अरुंद, दुसरीकडे टॅब आडवा धरलेला, तिसऱ्या आजोबांनी अक्षर दीडपट केलेलं. ओळी प्रत्येकाच्या वेगळ्या ठिकाणी तुटतात. मी प्रूफ कुठल्या ओळीचं पाहू? मला ओळ जुळवायची नसतेच, ओळ कशी वागावी याचा नियम लिहायचा असतो. नियम असा हवा की वाईटात वाईट पडद्यावरही तो फार लाज आणणार नाही. मोकळी उजवी कड कुठंच सर्वांत सुंदर नसेल, पण ती कुठंच भगदाडं पाडत नाही.

काका : म्हणजे कोणाच्याच नजरेखालून न गेलेली ओळ लोकांपुढं ठेवायची. मला ते पचत नाही. आणि आपली परंपरा तर दोन्ही कडांचीच आहे. भांडारकर संस्थेतल्या पोथ्या पाहिल्यास? डावीउजवीकडे तांबड्या दुहेरी रेघा, आणि मजकूर या रेघेपासून त्या रेघेपर्यंत. छापखाना यायच्या कितीतरी आधीचं आहे हे.

पुतणी : पाहिल्यात. पण त्या पोथ्यांत शब्दांमध्ये जागा सोडलेली असते का?

काका : नाही, सलग लिहिलेलं.

पुतणी : सलग लिहिलं की कुठल्याही अक्षरापाशी थांबता येतं. उरली तर जास्तीत जास्त एका अक्षराची जागा उरणार.

काका : तीही काही लेखनिक उभ्या रेघा मारून भरून काढायचे. मोडीत तर त्याहून गंमत. आधी पानभर आडवी रेघ ओढायची आणि मग तिच्याखाली अक्षरं लटकवत जायचं. पेशवे दप्तरातले कागद बघ. रेघ कडेपर्यंत गेली की मजकूरही कडेपर्यंत. शब्द अर्धा राहिला तर बिनदिक्कत खालच्या ओळीत, मध्ये साधी खूणही नाही.

पुतणी : मग त्यांची सरळ कड फुकट पडली होती, काका. किंमत नव्हतीच. पुढं छापताना आपण शब्द सुटे केले. वाचायला सोपं झालं, पण ओळीत उरलेली जागा टाकायला तेवढी एकच जागा राहिली, शब्दांमधली फट. मराठीत प्रत्यय नामाला चिकटतात. इंग्रजी जिथं तीन छोटे शब्द लिहिते तिथं आपण 'ग्रंथालयांमध्ये' असा एकच लांब शब्द लिहितो. शब्द लांब म्हणजे ओळीत शब्द कमी, शब्द कमी म्हणजे फटी कमी, फटी कमी म्हणजे प्रत्येक फटीवर जास्त भार. पोथीची कड मराठी फोनवर आणायची तर पोथीसारखं सलग लिहायला लागेल.

काका : हे मात्र मी या बाजूनं कधी पाहिलं नव्हतं. तरी एक सांगतो. मोकळ्या कडेचंही एक पाप आहे. तो लांब शब्द खाली गेला की उजवीकडे खोल खाच पडते. एक ओळ पाऊण, पुढची भरगच्च, त्यापुढची निम्मी. इंग्रजीत ती कड झुळझुळीत दिसते, आपल्याकडे दातरी दिसते. तुझी मोकळी कडही इंग्रजीवरूनच आलेली आहे, हे विसरू नकोस.

पुतणी : विसरत नाही. म्हणून फार खोल खाच पडत असेल तिथं शब्द तोडायची परवानगी ठेवलीय, फक्त लांब शब्दांपुरती. पण ताणलेल्या ओळीचा त्रास दिसण्यापुरता नसतो. ज्यांना अक्षरं ओळखायलाच कष्ट पडतात, डिस्लेक्सिया असलेली मुलं घ्या, त्यांना कमीजास्त फटींमुळे ओळ हरवते. फटी एकाखाली एक आल्या की पानातून पांढऱ्या नद्या वाहतात.

काका : नद्या आम्हाला ठाऊक आहेत. प्रूफ उलटं धरलं की लगेच दिसायच्या.

पुतणी : वेब सर्वांना वापरता यावं म्हणून जे जागतिक निकष आहेत, त्यांच्या सर्वांत कडक पातळीवर स्पष्ट म्हटलंय की सलग मजकूर दोन्ही कडांना ताणू नये.

काका : बरं, परिचय तुझ्या पद्धतीनं राहू दे. आता मला सांग, मोकळी कड एवढी गुणाची, तर किमती उजव्या कडेला का चिकटवल्यास? त्याही सोडायच्या होत्या नावापुढं, जिथं पडतील तिथं.

पुतणी : कारण परिचय वाचायचा असतो, किंमत ताडून पाहायची असते. वाचताना डोळा प्रत्येक ओळीनंतर डावीकडे परत येतो, म्हणून डावी कड सरळ हवी. किमती पाहताना डोळा वरून खाली जातो. एककाखाली एकक, दशकाखाली दशक आलं की ९५ आणि ९५० मधला फरक न वाचताही कळतो. तिथं उजवी कड सरळ हवीच.

काका : आणि आकडे एका जाडीचे हवेत. पंचांगाची, रेल्वेच्या वेळापत्रकाची कोष्टकं जुळवताना हा पहिला धडा. एक बारीक आणि आठ रुंद असला की रकाना डुगडुगतो.

पुतणी : ते फॉन्टवर असतं. समान रुंदीचे आकडे मागायची सोय सीएसएसमध्ये आहे, पण फॉन्ट करणाऱ्यानं ते दिलेले असावे लागतात. देवनागरी फॉन्ट निवडताना मी आता आधी १११ आणि ८८८ एकाखाली एक लिहून पाहते.

काका : शाब्बास. आता एका ओळीत डावीकडे नाव, उजवीकडे किंमत हे केलंस कसं? आमच्याकडे डीटीपी आलं तेव्हा पोरं स्पेसबार दाबत बसायची. सी-डॅकचं आयएसएम होतं, मॉड्युलरची श्री-लिपी होती, दोन्ही पुण्यातलीच. अक्षरं उत्तम, पण टॅब लावायचा कंटाळा. सतरा स्पेस मारायच्या आणि किंमत डोळ्यानं कडेला आणायची. फॉन्ट बदलला की सगळ्या किमती इकडेतिकडे.

पुतणी : वेबवर तर तेही जमत नाही. तुम्ही सतरा स्पेस मारा, ब्राउझर त्यांची एकच करतो. मग लोक दुसरी चूक करतात. डावीकडे नावांचा एक डबा, उजवीकडे किमतींचा दुसरा.

काका : चूक कसली? रकाने असेच जुळवतात.

पुतणी : कागदावर ओळी ठरलेल्या असतात म्हणून चालतं. फोनवर एखादं लांबलचक नाव दोन ओळींत गेलं की डावीकडच्या डब्यात एक ओळ वाढते, उजवीकडे वाढत नाही. तिथून खालची प्रत्येक किंमत एका घरानं वर सरकते. कथासंग्रहाची किंमत कोशाला लागते. शिवाय कोणी सूची निवडून व्हॉट्सअ‍ॅपवर चिकटवली तर आधी सगळी नावं येतात आणि मग सगळ्या किमती. जे अंध वाचक पडदा ऐकतात, त्यांनाही तसंच ऐकू येतं. डोळ्याला जोडी दिसते, पण पानाच्या पोटात ती जोडी नसतेच.

काका : मग?

पुतणी : प्रत्येक पुस्तकाची ओळ हाच एक डबा. त्यात दोनच गोष्टी, आधी नाव आणि मग किंमत, आणि दोघांमधली सगळी मोकळी जागा मध्ये टाक असं सांगायचं. याला फ्लेक्स म्हणतात. पूर्वी यासाठी 'फ्लोट राइट' वापरायचे. फ्लोट मुळात चित्राभोवती मजकूर वाहावा म्हणून होता, त्याच्याकडून पंधरावीस वर्षं हे काम करून घेतलं. काही जुन्या ब्राउझरांत तर किंमत कडेला ओळीत बसावी म्हणून ती नावाच्या आधी लिहायची. आता नाव कितीही लांब असो, ते आपल्या जागेत दुमडतं. किंमत तुटत नाही, आणि दोघं एकमेकांना सोडतही नाहीत.

काका : नाव दोन ओळींत गेलं तर किंमत कुठल्या ओळीवर?

पुतणी : पहिल्या.

काका : चूक. शेवटच्या. वाचणारा नाव संपवतो शेवटच्या ओळीत, तिथून त्यानं पुढं किमतीकडे जायचं असतं. अनुक्रमणिका कुठलीही उघड, पृष्ठांक शेवटच्या ओळीपुढं असतो.

पुतणी : तुमचं बरोबर आहे. बदलते.

काका : आणि तुझ्या मोठ्या संगणकावर हेच पान उघड बरं. हे बघ. नाव अगदी डाव्या टोकाला, किंमत अगदी उजव्या टोकाला, मध्ये मोकळं मैदान. 'स्थळसूची'ची किंमत कोणती? मला पट्टी लावून बघावी लागतेय. डावी कड सरळ, उजवी कड सरळ, आणि ओळ मात्र हरवलेली! आम्ही मध्ये टिंबांची रांग उगाच लावत नव्हतो. तो डोळ्याला धरायचा कठडा असतो.

पुतणी : फोनवर पाहून केलं, रुंद पडद्याकडे लक्ष गेलं नाही. टिंबं टाइप करत नाही, नाही तर ऐकणाऱ्याला प्रत्येक पुस्तकामागे 'डॉट डॉट डॉट' ऐकत बसावं लागेल. नुसती सजावट म्हणून रेघ देते, ती वाचून दाखवली जात नाही. आणि डब्याची रुंदीच आवरते. पडदा कितीही मोठा असला तरी सूची एका पुस्तकाच्या पानापेक्षा फार रुंद होणार नाही.

काका : म्हणजे शेवटी डेमीवरच आलीस.

पुतणी : कमाल रुंदी डेमी. किमान वाचकाच्या हातात.

काका : पण मला या सगळ्यात एक खटकतं. डावी कड वाचायला, उजवी ताडायला, असं तू म्हणालीस. हा काही निसर्गनियम नाही. कॅम्पातल्या उर्दू पाट्या, उर्दू वर्तमानपत्रं उजवीकडून वाचतात.

पुतणी : म्हणूनच नवे नियम डावं-उजवं म्हणत नाहीत. 'सुरुवात' आणि 'शेवट' म्हणतात. पानाची दिशा उजवीकडून डावीकडे आहे असं सांगितलं की सुरुवातीची कड आपोआप उजवी होते. नाव उजवीकडे जातं, किंमत डावीकडे येते. मी मराठी पानासाठी लिहिलेला तोच नियम उर्दू सूचीला तसाच चालतो.

काका : हे आवडलं. मराठीतही कडा काही कायमच्या नसतातच. माझ्या लहानपणी पत्राची तारीख उजवीकडे वर, 'आपला' उजवीकडे खाली. आता बालभारतीच्या पुस्तकातला पत्राचा नमुना पाहिला तर सगळं डावीकडे. ई-मेलसारखं.

पुतणी : तुम्हाला वाईट वाटलं असेल.

काका : तारखेचं नाही वाटलं. सहीचं वाटलं. सही उजवीकडे असली की पत्र कुठं संपलं ते लांबून कळतं. पण एक नमुना असा आहे जिथं डावं-उजवं ही मांडणी नसून तह असतो. लग्नपत्रिका! डावीकडे चि., उजवीकडे चि. सौ. कां. खाली डावीकडे एक घराणं, उजवीकडे दुसरं. एकाच ओळीत, एकाच उंचीवर, एकाच टाइपात. कोणाच्या नावात एखादं अक्षर जास्त असलं तरी दोन्ही बाजू समान दिसायला हव्यात. यावरून प्रेसमध्ये व्याह्यांची भांडणं मी सोडवली आहेत. हे कर तुझ्या फोनवर.

पुतणी : ३२८ पिक्सेल. मध्ये १६ ची फट. प्रत्येक घराण्याला १५६.

काका : '१५६'मध्ये 'श्रीमती' आणि आडनाव एका ओळीत येतील?

पुतणी : अक्षर बारीक केलं तर येतील, पण मग आजीआजोबांनाच वाचता येणार नाही. नाही तर प्रत्येक नाव तीन ओळींत तुटेल. फोनवर हे दोन रकाने एकाखाली एक लावावे लागतात.

काका : एकाखाली एक. मग वर कोण?

पुतणी : पानात जे आधी लिहिलं असेल ते.

काका : आणि आधी कोण लिहायचं?

पुतणी : त्याला सीएसएसमध्ये नियम नाही.

काका : बघ! कागद रुंद होता म्हणून आम्ही हा प्रश्न वर्षानुवर्षं टाळला. दोघांना शेजारी बसवलं आणि समानता साधली असं मानलं. खरं तर डावीकडचा पक्ष आधी वाचला जायचाच आणि तो बहुतेक वेळा मुलाकडचा असायचा. तुझ्या अरुंद पडद्यानं ते उघडं पाडलं.

पुतणी : मग तुमचाच जुना उपाय वापरू. ओळ बसत नसेल तर शब्द बदला. दोन रकाने नकोतच. एक साधं वाक्य लिहायचं, दोन्ही घरांनी मिळून बोलावलेलं. 'आम्ही दोन्ही कुटुंबं' अशी सुरुवात करायची आणि नावं त्यानंतर सलग.

काका : सलग लिहिलीस तरी कोणाचं तरी नाव आधी येणारच.

पुतणी : सूचीत लेखक कसे लावलेत?

काका : अकारविल्हे.

पुतणी : मग व्याह्यांनाही तोच न्याय.

काका : अभ्यंकरांची कायमची चंगळ! अगं, पण लोक विचारतील. खाली टीप द्यावी लागेल : नावे अकारविल्हे आहेत, कोणीही मानपान काढू नये.

पुतणी : टीप मध्यभागी टाकू की उजवीकडे?

काका : डावीकडून सुरू कर. ती लोकांनी वाचायची आहे.